चित्तपीठ : प्रकल्प नोंदी

३ फेब्रुवारी

अग्निशाखा झाली, जलशाखा झाली, धातुशाखेचे तक्ते परवा पूर्ण झाले. फासे टाकत, गोष्ट सांगत खेळायच्या आमच्या खेळात आता जादूची एकच शाळा उरली आहे, आणि ती मी मुद्दामच शेवटाला ढकलली होती. दुसऱ्याच्या मनात हात घालणाऱ्यांची शाळा. तात्पुरतं नाव ‘मोहिनीमठ’. बदलणार आहे. मोहिनी म्हटलं की नाचणारी अप्सरा दिसते आणि मला इथे अप्सरा नको आहेत, कारकून हवे आहेत. सकाळी वेळेवर येणारे, वही उघडून लोकांची मनं फिरवणारे, संध्याकाळी वही मिटून घरी जाणारे.

आगीचं सोपं असतं. गोळा सुटला, लागला, सहा बाजूंचे तीन फासे टाका, सरासरी साडेदहाची जखम, चला, पुढचा कोण. मन फिरवलं तर जखम कुठे झाली आणि ती मोजायची कशी? दिवसभरात एवढा प्रश्नच लिहून झाला.

६ फेब्रुवारी

तंत्रग्रंथांतली षट्कर्मं आयती मिळाली: शांती, वशीकरण, स्तंभन, विद्वेषण, उच्चाटन, मारण. नावं अशी की नुसती उच्चारली तरी टेबलावर अंधार पडावा. मारण आगवाल्यांना देऊन टाकलं, उरलेल्या पाचांवर दोन दिवस डोकं घासलं आणि सगळं खोडलं. ही यादी हेतूंची आहे. समोरच्याचं काय व्हावं ते सांगते; त्यासाठी त्याच्या आत नेमकं काय सरकवलं ते सांगत नाही. नियम लिहिणाऱ्याचं अडतं ते दुसऱ्या गोष्टीवाचून.

मग पतंजलीच्या योगसूत्रांतल्या चित्ताच्या, म्हणजे मनाच्या, पाच वृत्ती काढल्या. प्रमाण, विपर्यय, विकल्प, निद्रा, स्मृती. योगी स्वतःच्या वृत्ती थांबवायला बसतो. आमचे लोक दुसऱ्याच्या चालवायला बसतात. असं उलटं धरल्याबरोबर शाळेच्या पाच खोल्या उभ्या राहिल्या. विपर्ययाच्या खोलीत दोरीचा साप करायला शिकवतात. निद्रेच्या खोलीत काय चालतं ते उघडच आहे. स्मृतीच्या खोलीला दोन कुलपं. मला स्वतःला प्रमाणाच्या खोलीची भीती वाटते. तिथे खोटं काहीच दाखवत नाहीत, फक्त समोरच्याची खात्री वाढवतात. त्याला आधीपासून जे वाटत होतं, त्याबद्दलची शंका तेवढी काढून घेतात.

आणि विकल्प. शब्द आहे, त्यामागे वस्तू नाही, तरी नुसत्या शब्दाने समजूत होते, ती वृत्ती. सशाचं शिंग. या खोलीतला मंत्र लिहायला दहा मिनिटं लागली. जादूगार म्हणतो ‘वरून हुकूम आलाय’ आणि ऐकणारा कामाला लागतो. वर कोण आहे, हे विचारायचं त्याला सुचतच नाही.

शाळेचं नाव ठरलं. चित्तपीठ.

११ फेब्रुवारी

पहिला नियम. जादूगार हुकूम देतो. ज्याच्यावर मंत्र पडला त्याने वीस बाजूंचा फासा टाकायचा. १३ किंवा त्याहून जास्त पडले तर सुटला. म्हणजे ४० टक्के. सुटला नाही तर दर फेरीला पुन्हा एक संधी. दोन फेऱ्यांत सुटण्याची शक्यता ६४ टक्के, तीन फेऱ्यांत ७८, सरासरी अडीच फेऱ्या. कागदावर छान दिसतंय. पुढच्या रविवारी खेळून बघू.

१८ फेब्रुवारी

फसलं. रात्रीचा दीड वाजलाय, नोंदीत चिडचिड दिसेल.

टेबलावर पाच जण. मी सूत्रधार, म्हणजे गोष्ट चालवणारा. धाकटा भाऊ चित्तपीठाचा स्नातक. मैत्रीण वैदीण. आमच्यातला वकील दरोडेखोर झाला होता. भावाच्या वर्गातली एक मुलगी धनुर्धर. तिसऱ्या प्रसंगात शत्रूच्या बाजूने चित्तपीठाचा एक माणूस येतो, त्याने वैदिणीवर मंत्र टाकला: माझ्यावर तुझा जीव जडलाय, या जखमींना सोड आणि माझ्यामागून ये. तिच्या फाशावर ४ पडले. मग ७. मग ९. आमची एक फेरी पंधरा मिनिटांची. म्हणजे पाऊण तास तिचं पात्र मी चालवत होतो. ते कुणाकडे पाहून हसलं, कुणाशी काय बोललं, सगळं माझ्या तोंडून. मला त्यात मजा येत होती, हेही लिहून ठेवलं पाहिजे.

चौथ्या वेळी तिने फासा उचललाच नाही. बोटाने माझ्यापुढे सरकवला. ‘खेळतोयस तूच, तर टाकही तूच.’ पिशवी घेतली आणि गेली.

१९ फेब्रुवारी

सकाळी फोन करून माफी मागितली. ती म्हणाली, ‘अरे, मारलं असतंस तर काही वाटलं नसतं. मेले असते, नवं पात्र घेतलं असतं. तू मला जिवंत ठेवलंस आणि माझ्या जागी तू बोललास.’

जखम कुठे होते याचं उत्तर मिळालं. आगीत पात्र जळतं. इथे पात्र धडधाकट राहतं आणि खेळाडू नाहीसा होतो.

ताबडतोब दोन गोष्टी केल्या. प्रेम आणि शरीर यांच्याशी संबंध असलेला कुठलाही मंत्र खेळाडूच्या पात्रावर चालणार नाही, आणि आमच्या जगात तो सरळ गुन्हा. मंत्राखालचा होकार म्हणजे होकार नव्हे, हे पहिल्याच पानावर ठळक अक्षरात. दुसरं, टेबलाच्या मध्यभागी एक्स-कार्ड. जॉन स्टाव्ह्रोपोलोसची ही युक्ती कथाखेळवाल्यांत जुनी झाली आहे: एखादा प्रसंग नकोसा झाला की कार्डाला हात लावायचा, तो प्रसंग तिथेच थांबतो, आणि कारण कोणी विचारायचं नाही. मी ते आजवर ‘आपण सगळे ओळखीचेच आहोत’ म्हणून ठेवलं नव्हतं. माझा मूर्खपणा.

वकिलाचा मेसेज: ‘हुकमाचा नियम काढ. हुकूम मानणारा माणूस कंटाळवाणा असतो.’ बरोबर आहे. पण हुकूम काढला तर मग उरतं काय?

२७ फेब्रुवारी

आठवडाभर वाचत होतो आणि आज सापडलं.

२००५ साली स्वीडनमध्ये पेटर योहान्सन, लार्स हॉल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. दोन चेहऱ्यांचे फोटो दाखवायचे, जास्त आवडलेला निवडायला सांगायचं, मग तो फोटो हातात देऊन विचारायचं, हाच का निवडलात? काही वेळा हातचलाखीने न निवडलेला फोटो पुढे करायचे. बहुतेक वेळा लोकांच्या ते लक्षातच आलं नाही. एवढंच नव्हे, त्यांनी कारणंही दिली. न निवडलेल्या चेहऱ्याबद्दल, मनापासून. मुळात निवडलेल्या चेहऱ्याच्या कानात काही नसताना, हातातल्या फोटोतले डूल आवडले म्हणून सांगणारेही निघाले.

कुणी कुणाला काही हुकूम दिला नव्हता. फोटो बदलला, बाकीचं काम माणसाने स्वतः केलं.

नवा नियम, नाव ‘कारण तुझं’. मंत्र पडला की सूत्रधार फक्त कृती सांगणार. ती कृती पात्राला योग्य का वाटली, ते खेळाडूने सांगायचं, पात्राच्या तोंडून, त्याच्या स्वभावाला धरून. पटेल असं कारण सापडलंच नाही तर मंत्र लागला नाही. फासा नाही, फेऱ्या नाहीत, गप्प बसून राहणं नाही.

१० मार्च

दुसरा चाचणी खेळ. मैत्रीण आली, ‘पुन्हा माझ्या तोंडात शब्द घातलेस तर वही फाडीन’ या अटीवर.

जखमी लोक एका वाड्यात लपलेत, बाहेर शत्रू. मी तिच्यापुढे चिठ्ठी ठेवली: मागचं दार उघडं राहतं. तिने चिठ्ठी वाचली, उलटी करून ठेवली. अर्धा मिनिट ती फाशाच्या डबीचं झाकण उघडत होती, लावत होती. मग वैदिणीच्या आवाजात म्हणाली, ‘आत धूर कोंडलाय. यांच्या छातीत कफ आहे. मागचं दार लोटून घेते नुसतं, कडी घालत नाही. वारा लागू दे.’

इतकं समंजस, इतकं काळजीचं वाक्य की दरोडेखोर उठून दारापासून बाजूला झाला. चिठ्ठीबद्दल त्याला कल्पना होती, तरी झाला. रात्रीत सहा माणसं गेली.

खेळ म्हणून हे पहिल्या नियमापेक्षा शंभर पटींनी चांगलं होतं. सगळे गप्प बसले होते, आणि तो गप्पपणा चांगला होता. पण आवराआवर करताना मैत्रीण म्हणाली, ‘मला आवडलं, पण एक सांग. आता वाड्यातले लोक म्हणणार, दार हिने उघडं ठेवलं. ठेवलं मीच. कारणही माझंच. मग तुझा तो जादूगार कुठे आहे यात?’

वकील फासे मोजत होता. ‘कृती तुझी, हेतू तुझ्या तोंडून कबूल. मी सरकार पक्षाकडून असतो तर पाच मिनिटांचं काम.’

हसलो सगळे. घरी येताना मात्र पटत गेलं की आधी मी तिच्याकडून खेळ काढून घेतला होता आणि आता तिच्या डोक्यावर खून ठेवला आहे.

१६ मार्च

दुष्यंतावर अडकलोय.

महाभारतातल्या आदिपर्वात शकुंतला दरबारात येते तेव्हा राजाला सगळं आठवत असतं. आठवत असूनही तो तिला ओळख देत नाही. आकाशवाणी झाल्यावर कबूल करतो. तिथे जादू नाही, शाप नाही, अंगठी नाही. आहे तो एक माणूस, जो खोटं बोलतोय. कालिदासाने त्यात दुर्वासाचा शाप घातला, अंगठी घातली, मासा घातला. आता राजा खोटारडा राहिला नाही, विसरलेला झाला. मनावरची जादू गोष्टीत आणली की काय होतं, याचं याहून स्वच्छ उदाहरण मला माहीत नाही: शाप आला आणि राजा सुटला.

पण कालिदास एवढ्यावर सोडत नाही. सहाव्या अंकात अंगठी मिळते, आठवण परत येते, पण शाप होता हे राजाला अजून कळलेलं नाही. तो आधी अंगठीलाच बोल लावतो, आणि लगेच स्वतःला सावरतो: ही तर निर्जीव वस्तू, हिला काय कळणार, मी का नाकारलं तिला? म्हणजे पूर्ण एक अंक तो स्वतःला गुन्हेगार समजून जगतो. शापाची हकीकत त्याला सातव्या अंकात मारीच ऋषी सांगतात. तेव्हा तो सुटकेचा श्वास टाकतो: दोषातून मोकळा झालो.

माझी वैदीण सहाव्या अंकात अडकली आहे. मंत्र संपलाय, परिणाम समोर आहेत आणि मंत्र होता हे तिला माहीत नाही. खरी जखम या मधल्या काळात होते. आणि सातव्या अंकातला निःश्वास फुकट देऊन टाकायचा नाही. कुणीतरी येऊन सांगितलं पाहिजे, आणि सांगणारा एकच असू शकतो, ज्याने मंत्र टाकला तो.

म्हणून खतावणी. चित्तपीठाच्या प्रत्येक स्नातकाकडे एक वही. जो मंत्र टाकला तो तिच्यात शाईने लिहायचा: कुणावर, कधी, काय पेरलं. लिहिल्याशिवाय मंत्र लागतच नाही. ती वही कुणी वाचली तरच मंत्राखाली वागलेला माणूस सुटतो. तोवर जग त्यालाच धरतं, आणि तोही स्वतःला.

भावाने विचारलं, ‘मी वही जाळून टाकली तर?’ आज उत्तर नव्हतं.

२३ मार्च

स्मृतीची खोली. इथे आधी लिहिलेलं सगळं खूपच सोपं होतं: आठवण पुसली, संपलं, आठवण घातली, बसली. माणसाचं मन पाटीसारखं नसतं, आणि या बाबतीत खरी माहिती जादूपेक्षा सरस निघाली.

घालण्याबद्दल. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ साली लोकांना मोटारींच्या अपघाताची फिल्म दाखवली. काहींना विचारलं, गाड्या एकमेकींवर ‘आपटल्या’ तेव्हा वेग किती होता; काहींना विचारलं, ‘धडकल्या’ तेव्हा किती. आठवड्याने सगळ्यांना विचारलं, फुटलेली काच दिसली का? काच फिल्ममध्ये नव्हतीच. ‘आपटल्या’ ऐकलेल्या ५० जणांपैकी १६ जण हो म्हणाले, ‘धडकल्या’ ऐकलेल्या ५० पैकी ७. एका क्रियापदाचा फरक. मग आमच्या जादूगाराला हातवारे, धूर, निळा प्रकाश कशाला हवा? त्याने फक्त प्रश्न विचारायचा. स्मृतीचे सगळे मंत्र आता प्रश्नाच्या रूपात लिहितोय. ‘तो गेला तेव्हा त्याच्या हातात काय होतं?’ कोण गेला, हे ऐकणारा स्वतःच ठरवतो.

पुसण्याबद्दल. १९११ साली एदुआर क्लापारेद या स्विस डॉक्टरने स्मृती गेलेल्या एका बाईची हकीकत लिहिली. ती त्यांना रोज नव्याने भेटायची. एकदा त्यांनी बोटांत टाचणी लपवून हस्तांदोलन केलं. काही वेळाने ती ते विसरली. पण पुन्हा हात पुढे केला तर तिने आपला मागे घेतला. का, ते तिला सांगता येईना; काही लोक हातात टाचणी लपवतात, एवढंच म्हणाली.

हे वाचून जागेवरून उठलो आणि फेऱ्या मारल्या. नियम: आठवण पुसता येते, हात मागे येणं पुसता येत नाही. ज्याची आठवण पुसली त्याच्या पानावर एक ‘खूण’ लिहायची: एखादा वास, आवाज, माणसाची चाल. ती समोर आली की पात्र दचकतं, आणि का दचकलं ते त्याला माहीत नसतं. चित्तपीठाला माणूस पूर्ण कोरा करता येत नाही. करता येतो असं तिथे शिकवतात.

२ एप्रिल

काही झालं नाही. निद्राशाखेचे चार मंत्र लिहिले, चारही एकच आहेत.

९ एप्रिल

भावाच्या प्रश्नाचं उत्तर, आणि बहुधा पूर्ण शाखेचा कणा.

उसनवारी. दुसऱ्याच्या मनात जे पेरायचं ते बाजारात मिळत नाही, स्वतःच्या मनातून काढून द्यावं लागतं. पहारेकऱ्याच्या मनात विश्वास उत्पन्न करायचा तर आयुष्यात तू कुणावर तरी खरा विश्वास ठेवला असशील, तो जातो. भीती पेरायची तर तुझी एक भीती जाते (सुरुवातीला बरं वाटतं; म्हणूनच नवशिके भीतीपासून सुरुवात करतात आणि मग कड्यावरून पाय घसरून मरतात). खेळ सुरू होताना चित्तपीठाच्या पात्राने पानावर नऊ आठवणी पेन्सिलने लिहायच्या. मंत्र टाकला की एक ओळ खोडरबराने पुसायची. नीट पुसायची, वाचता येता कामा नये. दर बैठकीत जे घडलं त्यातून एक नवी आठवण लिहिता येते. एका बैठकीत सरासरी चार मंत्र पडतात, म्हणजे बैठकीमागे तीन ओळींची तूट. तिसऱ्या बैठकीच्या शेवटी पान कोरं.

आता वही. पुसलेली ओळ कायमची जाऊ नये म्हणून जादूगार ती खतावणीत उतरवतो, पेरलेल्या मंत्राशेजारी. डावीकडे काय दिलं, उजवीकडे कुणाला दिलं. जमा-खर्चच. म्हणजे दुसऱ्यांवर केलेल्या गुन्ह्यांचा पुरावा आणि स्वतःच्या आयुष्याची उरलेली एकमेव प्रत एकाच वहीत, त्याच पानांवर.

जाळ की मग, म्हटलं भावाला. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, ‘हे नीच आहे.’ त्याच्याकडून ही दाद समजायची.

२१ एप्रिल

तिसरा चाचणी खेळ. आवाज कसला असतो हे आधी लक्षात आलं नव्हतं. फासा पडल्याचा आवाज सगळ्यांना सवयीचा आहे, पण मंत्र टाकल्यावर टेबलावर खोडरबराची खरखर सुरू होते आणि बाकीचे आपोआप गप्प होतात. भावाने पहिल्यांदा ‘पोहायला शिकलो तो दिवस’ पुसला, झटकन. दुसऱ्यांदा थोडा विचार केला. तिसऱ्यांदा त्याने नऊच्या नऊ ओळी पुन्हा वाचल्या आणि विचारलं, ‘मी हुकूम न करता नुसतं विनंती करून बघू का पहारेकऱ्याला?’

केली. पहारेकरी नाही म्हणाला. मग पुसली.

पुसलेल्या जागी पेन्सिलीचा दाब राहतो. कागद तिरका धरला की अक्षरं दिसतात. धनुर्धर मुलीच्या लक्षात आलं, तिने दिव्याखाली धरून वाचूनही दाखवलं. भाऊ म्हणाला, हे नियमात बसत नाही. मी म्हटलं, बसवतो. क्लापारेदची टाचणीच ही.

२८ एप्रिल

नवी अडचण, जी मला आधी दिसायला हवी होती. चित्तपीठ आहे हे एकदा जगात सगळ्यांना कळलं की जो तो म्हणणार, मी नाही केलं, माझ्यावर मंत्र होता. कर्ज बुडवणारा, बायकोला मारणारा, पळून आलेला सेनापती. दुष्यंताची सुटका सगळ्यांनाच हवी असते.

यावर पॅरिसमधली जुनी गोष्ट कामाला आली. मेस्मर हा डॉक्टर शरीरातल्या अदृश्य चुंबकशक्तीने रोग बरे करतो म्हणायचा. त्याच्या या ‘प्राणिज चुंबकत्वा’ची चौकशी करायला १७८४ साली फ्रान्सच्या राजाने आयोग नेमला. त्यात रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए होता, बेंजामिन फ्रँकलिन होता. मेस्मरचा शिष्य देस्लाँ याने पॅरिसजवळ पासीला फ्रँकलिनच्या बागेतलं एक झाड ‘भारून’ दिलं. बारा वर्षांच्या एका मुलाच्या डोळ्यांवर पट्टी बांधून त्याला एकेका झाडाजवळ नेलं. पहिल्यापाशी त्याला घाम फुटला, पुढे त्रास वाढत गेला, चौथ्यापाशी तो बेशुद्ध पडला. चारांतलं एकही भारलेलं नव्हतं. भारलेलं झाड लांबच राहिलं. आयोगाने निष्कर्ष काढला की हे कल्पनेचं काम आहे. मला मात्र तो मुलगा दिसत राहतो. मुलगा ढोंग करत नव्हता. खरोखर पडला होता.

म्हणून नियम ‘चौथं झाड’: ज्याची पक्की समजूत झाली की आपल्यावर मंत्र आहे, तो तसाच वागतो, मंत्र असो वा नसो. कारणही स्वतःच देतो. बाहेरून फरक करता येत नाही, आतूनही नाही. एकच उपाय, खतावण्या तपासणं. आणि त्या चित्तपीठाच्या तळघरात आहेत. खटला चालवणाऱ्या पात्रांसाठी याहून चांगला मसाला मी दुसऱ्या कुठल्या शाखेत देऊ शकलेलो नाही. वकील खूष.

५ मे

प्रतिकार. विराटपर्वात अर्जुन संमोहनास्त्र सोडतो, कौरव शुद्ध हरपून पडतात, आणि तो उत्तराला त्यांची वस्त्रं काढून आणायला पाठवतो. भीष्मांपासून मात्र लांब राहा म्हणतो, त्यांना या अस्त्राचा उतारा माहीत आहे. दोन नियम तिथूनच उचलले. विद्या शिकलेल्यावर ती सहज चालत नाही. आणि मंत्र काहीतरी घेऊन जातोच: शुद्धीवर आलेल्याने आधी अंगावरची वस्त्रं मोजावीत.

पहिल्या नियमाचा उलटा परिणाम गमतीचा आहे. चित्तपीठाच्या लोकांना एकमेकांची मनं फिरवता येत नाहीत, म्हणून तिथे कुणालाच दुसऱ्याची समजूत घालायला येत नाही. सवयच गेलेली असते. संचालक मंडळाच्या बैठका भयंकर.

१९ मे

चौथा चाचणी खेळ. साडेचार तास.

भावाचं पान संपलं. शेवटची ओळ पुसताना कागद फाटला. साध्या, पातळ ७० जीएसएमच्या कागदावर एकाच जागी तिसऱ्यांदा रबर चाललं होतं. भोकातून खालच्या नकाशातली नदी दिसत होती. कुणी काही बोललं नाही.

मग चित्तपीठाचे शिपाई वाड्यापाशी आले, खतावणी परत न्यायला. भावाच्या हातात ती वही, खरी, चाळीस पानी, त्याच्याच अक्षरात. समोर शेगडी. वैदिणीने त्याच्या पात्राला विचारलं, ‘तू या शाळेत गेलास कशासाठी?’

पान पहिल्यांदा भरताना त्याने सगळ्यात वर हेच लिहिलं होतं. मला ती ओळ आठवत होती. तीही एप्रिलमध्ये पुसली गेली होती, पहारेकऱ्यासाठी. तो पानाकडे बघत राहिला. मग अगदी शांतपणे, जराही न अडखळता म्हणाला, ‘लोकांना मदत करता यावी म्हणून.’

मूळची ओळ ही नव्हती. मैत्रीण माझ्याकडे बघत होती. दाराबद्दल तिने कारण दिलं होतं, तसाच आवाज होता त्याचा, आणि तो तिने ओळखला.

भावाने वही शेगडीवर धरली. बराच वेळ धरली. मग तिच्यापुढे ठेवली. ‘तू वाच. मला माझ्या बाजूचं काय ते सांग. तुझ्या बाजूचंही असेल काहीतरी.’

वाड्यावरचा मंत्र शत्रूच्या माणसाचा, असं बाकीचे सगळे दोन महिने धरून चालले होते. चिठ्ठी मी ठेवली होती. पण ती कुणाच्या सांगण्यावरून ठेवली, हे मी आणि भाऊ सोडून कुणाला माहीत नव्हतं. खतावणीचा नियम झाला त्या दिवशी त्याने ती नोंद मागाहून, तारीख घालून, स्वतःच्या हाताने चढवली होती.

मैत्रिणीने दुसरं पान उघडलं. वाचलं. वही मिटली, पिशवीत टाकली.

२६ मे

छापखान्याला पात्रपत्रिकांसाठी १०० जीएसएमचा कागद सांगणार होतो. रद्द केलं, ७०च राहू दे.

मैत्रीण अजून वही घेऊन बसली आहे. परवा मेसेज आला: ‘यातलं त्याला किती सांगायचं, ते मी ठरवणार ना?’ नियमपुस्तिका चाळली. वही कुणी वाचली तर काय, ते आहे. जाळली तर काय, तेही आहे. ज्याच्यावर मंत्र टाकला त्याच्याच हाती वही लागली आणि तो गप्प बसला तर काय, याबद्दल एक ओळही नाही. पान ४७ वर अर्धी जागा शिल्लक आहे.

मजकूर शुक्रवारी जायचाय. तिलाच लिहायला सांगितलंय.